दुसरा भाग

पहिल्या भागाच्या शेवटी आम्ही जिंकलो होतो.
पंपघराच्या गच्चीवर सारबिनाझ,
हातात पाण्याच्या हिशेबाची वही, वहीला आग,
आणि खाली साडेतीनशे माणसं
कोरड्या घशाने ओरडत होती.
त्यांना पाणी पाजलं आपण, असं जो तो म्हणत होता.
गोष्ट तिथेच थांबायला हवी होती.
पण दुसऱ्या दिवशी सकाळ झाली
आणि सगळ्यांना तहान लागली.

मुयनाकच्या उत्तरेला, जिथे समुद्र होता म्हणतात,
तिथे आम्ही एका जहाजाच्या पोटात राहतो.
वारा सुटला की गंज झडतो, जेवणात पडतो.
मी सतरा वर्षांची आहे. मासा पाहिलाय
तो फक्त जुन्या डब्यांच्या झाकणांवर,
ज्यांची टोकनं कापलेली असायची:
एक शेपूट, एक कप.

कुणाच्या उपयोगी पडेल म्हणून सांगते:
रात्री पापण्यांना उंटाची चरबी लावा,
नाहीतर सकाळी डोळे मिठाने शिवलेले असतात.
साक्सौलची मुळं तोडू नका, वाळू अंगावर येते.
आणि मिठाला जागायचं म्हणाल,
तर इथे वाराच मीठ भरवतो सगळ्यांना,
कोणाकोणाला जागणार?

सारबिनाझने नवी वही आणली ती अकराव्या दिवशी.
"तात्पुरती आहे," म्हणाली.
"तुझं अक्षर चांगलं आहे, झिबा."
खरंच चांगलं आहे.
जे लढले त्यांना चार कप.
जे लपले त्यांना तीन.
कुंग्रादकडून मागाहून आले, त्यांना दोन.
मी स्वतःपुढे चार लिहिले,
आणि आकडा जरा ठसठशीत काढला,
तेही सांगून टाकते.

मग पेर्देबाय आला. नऊ वर्षांचा असेल.
हातात बिनझाकणाची किटली, आत किटलीभर धूळ.
"कुठून आलास?"
त्याने मागे बोट दाखवलं. मागे काहीच नव्हतं.
सारबिनाझ माझ्या खांद्यावरून वाचत होती.
"याच्यासाठी रकाना नाही," ती म्हणाली,
हळू, जवळजवळ मायेने.

हे वाक्य मी ओळखत होते.
पहिल्या भागात कारकून तेंगेलबायने
माझ्या भावाला हेच सांगितलं होतं, याच आवाजात,
आणि मी वीट मारली होती.
तेंगेलबाय आता दोन कपांच्या रांगेत उभा राहतो,
चष्म्याची एक काच नाही.
त्याने माझ्याकडे पाहिलं.
हसला असता तर सोपं गेलं असतं.

मी माझ्या चारातले दोन खोडले, मुलाला दिले.
त्या दिवसापासून सारबिनाझ मला पाण्यात पाहू लागली,
तेही मोजलेल्या.

चाळीस दिवस. मग खाडाखोड थांबवायला
तिने वही पंपघरात कुलुपात ठेवली,
आणि दाराशी दोन पोरं, काठ्या घेऊन.
ओळखीची पोरं. एकाला पोहणं म्हणजे काय
हे मीच वाळूवर झोपून दाखवलं होतं.

काल रात्री मी झडपेचं चाक काढलं.
ते चाक अकरा किलोचं असतं.
नटांवर गंज असतो, दात लावावे लागतात,
बंडाच्या गोष्टींत हे कुणी सांगत नाही.
झडप पूर्ण उघडी ठेवून काढलं,
आता ती कुणालाच बंद करता येणार नाही.
टाकी किती दिवस पुरेल, माहीत नाही.
हिशेब मांडला होता. दोनदा वेगळा आला.

कोटात गुंडाळून निघाले तेव्हा
गच्चीवर कुणीतरी खोकलं.
तो खोकला मी झोपेतही ओळखते,
एका गोधडीखाली तीन हिवाळे काढलेत आम्ही.
मी थांबले.
ती ओरडली नाही.
खाली उतरलीही नाही.

पायाखाली शिंपले फुटत होते.
मागे पाणी वाहत असल्याचा आवाज,
नाहीतर वारा.
अंधारात किटलीचा खडखडाट माझ्या मागे येत होता.
"परत जा," मी म्हटलं.
खडखडाट थांबला,
मग पुन्हा सुरू झाला, जरा जवळून.